लॉसलेस ध्वनीत अभिजात सॉफ्ट रॉक: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

साधारण १९७० ते १९८५ या काळात अमेरिका आणि ब्रिटनमध्ये घडलेली सॉफ्ट रॉकची गाणी आजही आवडीने ऐकली जातात. कार्पेंटर्स, फ्लीटवूड मॅक, टेनसीसी, स्टीली डॅन, टोटो ही त्यांतली काही ठळक नावे. ही गाणी मूळ ध्वनिमुद्रणाच्या शक्य तितक्या जवळ जाऊन कशी ऐकावीत, याविषयी नेहमी विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांची उत्तरे येथे दिली आहेत.

लॉसलेस ध्वनी म्हणजे नेमके काय, आणि एमपी-३ फाइलमध्ये काय गमावले जाते?

सीडीवर ध्वनीचे दर सेकंदाला ४४,१०० नमुने घेतलेले असतात, प्रत्येक नमुना १६ बिटांचा असतो आणि डावी व उजवी अशा दोन वाहिन्या असतात. याचा हिशोब सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट इतका होतो. ३२० किलोबिटची एमपी-३ फाइल यातला चौथा हिस्सासुद्धा ठेवत नाही, आणि १२८ किलोबिटची फाइल जेमतेम अकरावा हिस्सा ठेवते. ही काटछाट श्रवणशास्त्राच्या आधाराने केलेली असते. मोठ्या आवाजाखाली त्याच्या जवळच्या पट्टीतला लहान आवाज कानाला जाणवत नाही, म्हणून तो कमी अचूकतेने साठवला जातो किंवा सरळ वगळला जातो. एकदा वगळलेला भाग कोणत्याही उपायाने परत मिळत नाही.

फ्लॅक आणि एएलएसी या लॉसलेस पद्धतींमध्येही फाइल लहान होते, साधारणपणे निम्म्या ते दोन-तृतीयांश आकाराची. परंतु वाजवताना ती उलगडली की मूळचा प्रत्येक बिट जसाच्या तसा परत मिळतो. फ्लॅक २००१ पासून सर्वांसाठी मुक्त आहे. ॲपलने २००४ मध्ये आणलेली एएलएसी पद्धत २०११ पासून मुक्त झाली. ध्वनीच्या दृष्टीने या दोन्हींत काहीही फरक नाही, त्यामुळे आपल्या उपकरणाला जी चालते ती निवडावी.

हे संगीत तर मुळात सौम्य आहे. त्यासाठी लॉसलेसचा आग्रह कशाला?

ते सौम्य आहे म्हणूनच. गिटार आणि ड्रम्सचा सतत गडगडाट असलेल्या संगीतात झाकण्याजोगे बरेच असते आणि काटछाट सहज खपून जाते. सॉफ्ट रॉकमध्ये मात्र गायिकेने ओळीआधी घेतलेला श्वास, ॲकॉस्टिक गिटारच्या तारेवरून सरकणारे बोट, पियानोचा स्वर विरत जाताना मागे उरणारी खोलीची गुंज आणि एकावर एक रचलेले आवाज यांनाच गाण्यात जागा असते. हे सारे लहान आवाज आहेत, आणि काटछाटीत पहिला बळी लहान आवाजांचाच जातो.

टेनसीसीचे १९७५ मधील ‘आय ॲम नॉट इन लव्ह’ हे गाणे या बाबतीत अभ्यासण्यासारखे आहे. इंग्लंडमधील स्टॉकपोर्ट येथील स्ट्रॉबेरी स्टुडिओत एरिक स्ट्युअर्ट यांनी केव्हिन गॉडली, लॉल क्रीम आणि ग्रॅहम गोल्डमन या तिघांकडून एकच स्वर पुन्हा पुन्हा गाऊन घेतला. प्रत्येक स्वरासाठी तिघांचे मिळून ४८ आवाज जमेपर्यंत हे काम चालले, आणि सप्तकातल्या सर्व कोमल-तीव्र स्वरांसाठी तेच केले गेले. या प्रत्येक स्वराची टेपची अखंड फिरणारी वर्तुळे तयार करून ती मिक्सिंग कन्सोलच्या वेगवेगळ्या चॅनेलवर घेतली, आणि चौघांनी मिळून ते चॅनेल वरखाली करत गाण्याची स्वरसंगती वाजवली. कोणताही चॅनेल पूर्ण बंद होऊ नये म्हणून सरकपट्ट्यांच्या तळाशी चिकटपट्टी लावलेली होती. त्यामुळे सर्व स्वरांचे एक अतिशय मंद धुके संपूर्ण गाण्याखाली पसरलेले राहते. कमी बिटरेटच्या (म्हणजे सेकंदाला कमी किलोबिटच्या) फाइलमध्ये हे धुके थरथरते आणि पाण्याखालून आल्यासारखे वाटते. लॉसलेस फाइलमध्ये ते स्थिर राहते आणि गाणाऱ्याचा आवाज त्यापुढे स्पष्ट उभा राहतो.

सुरुवात कोणत्या गाण्यांपासून करावी, आणि कशाकडे लक्ष द्यावे?

फ्लीटवूड मॅकच्या १९७७ मधील ‘रूमर्स’ या अल्बमचे बहुतेक ध्वनिमुद्रण कॅलिफोर्नियातील सॉसालिटो येथील रेकॉर्ड प्लांट स्टुडिओत झाले, परंतु ‘साँगबर्ड’ हे एक गाणे मुद्दाम बर्कली विद्यापीठाच्या झेलरबाख सभागृहात घेतले गेले. सभागृह रिकामे होते, रंगमंचावर स्टाइनवे पियानो होता आणि क्रिस्टिन मॅकव्ही पियानो वाजवत गात होत्या. तंत्रज्ञ केन कॅले यांना त्या रिकाम्या सभागृहाचा अवकाशच गाण्यात हवा होता. प्रत्येक ओळीच्या शेवटी पियानोचा स्वर कसा आणि किती काळ विरतो ते ऐकावे, कारण सभागृहाचा आकार तिथेच कळतो.

टोटोच्या १९८२ मधील ‘रोझॅना’मध्ये जेफ पोर्कारो यांच्या स्नेअर ड्रमकडे लक्ष द्यावे. ठळक ठोक्यांच्या मधल्या जागांत त्यांनी अतिशय हलके, जवळजवळ स्पर्शमात्र ठोके भरले आहेत, आणि तालाचा सगळा डौल त्या हलक्या ठोक्यांवर उभा आहे. तबल्यावरच्या ठेक्यातले भरणे ऐकण्याची सवय असलेल्या कानाला ते चटकन सापडतील. कार्पेंटर्सच्या १९७० मधील ‘क्लोज टू यू’मध्ये कॅरन आणि रिचर्ड या बहीण-भावांनी स्वतःचेच आवाज अनेक वेळा ध्वनिमुद्रित करून समूहगान उभे केले आहे, त्यातले थर एकमेकांत न मिसळता वेगळे ऐकू येतात का ते पाहावे. स्टीली डॅनचा १९७७ मधील ‘एजा’ तर ध्वनिमुद्रणाच्या गुणवत्तेसाठीच ग्रॅमी मिळवणारा अल्बम आहे, आणि नवीन स्पीकर किंवा हेडफोन पारखण्यासाठी तो आजही जगभर वापरला जातो.

३२० किलोबिटचा एमपी-३ आणि लॉसलेस यांतला फरक खरोखर ऐकू येतो का?

प्रामाणिक उत्तर असे, की १२८ किलोबिट आणि लॉसलेस यांतला फरक बहुतेकांना थोड्या सरावाने ऐकू येतो. ३२० किलोबिटच्या चांगल्या फाइलमधला फरक अतिशय सूक्ष्म असतो, आणि पुष्कळ जाणकार श्रोतेही तो खात्रीने ओळखू शकत नाहीत. ज्याला स्वतःची परीक्षा घ्यायची असेल त्याने स्वतःच्या लॉसलेस फाइलपासूनच एमपी-३ तयार करावी आणि फूबार२००० या मोफत प्लेअरमधील एबीएक्स चाचणीची सोय वापरावी. कोणती फाइल वाजते आहे हे त्या चाचणीत दिसत नाही. दोन वेगवेगळ्या ठिकाणांहून मिळालेल्या फाइलींची तुलना मात्र व्यर्थ ठरते, कारण त्यांचे मास्टरच, म्हणजे प्रकाशनासाठी तयार केलेल्या अंतिम ध्वनिप्रतीच, वेगळे असण्याची शक्यता असते. दोन्हींची पातळीही समान हवी, कारण किंचित मोठा आवाज कानाला नेहमीच अधिक चांगला वाटतो.

फरक सूक्ष्म असला तरी संग्रह लॉसलेसच ठेवावा असे माझे ठाम मत आहे. लॉसलेस फाइलपासून हवी ती लहान प्रत केव्हाही करता येते. उलट एमपी-३ पासून दुसरी काटछाट केलेली प्रत केली, तर नुकसानीत आणखी भर पडते.

२४ बिट १९२ किलोहर्ट्झची हाय-रेझोल्यूशन फाइल घेणे योग्य आहे का?

ऐकण्यापुरती सीडीची गुणवत्ता पुरेशी आहे. सॅम्पल रेटच्या, म्हणजे दर सेकंदाला घेतलेल्या नमुन्यांच्या संख्येच्या, निम्म्या कंपनसंख्येपर्यंतचा ध्वनी अचूक साठवता येतो, म्हणजे ४४.१ किलोहर्ट्झमध्ये २२.०५ किलोहर्ट्झपर्यंतचा. निकोप तरुण कानाची मर्यादा सुमारे २० किलोहर्ट्झ आहे आणि वयानुसार ती खाली येते. १६ बिटांमध्ये सर्वांत मंद आणि सर्वांत मोठ्या आवाजातले अंतर सुमारे ९६ डेसिबल मिळते. १९७० च्या दशकात ही गाणी ज्या टेपवर मुद्रित झाली तिची स्वतःची सरसर याच्या पुष्कळ आधी सुरू होते, त्यामुळे त्या टेपवरचा सगळा ऐवज १६ बिटांत आरामात बसतो.

काही अल्बम तर मुळातच डिजिटल आहेत. स्टीली डॅनचे डोनाल्ड फेगन यांचा १९८२ मधील ‘द नाइटफ्लाय’ हा ३एम कंपनीच्या डिजिटल यंत्रणेवर मुद्रित झाला आणि त्या यंत्रणेचा सॅम्पल रेट ५० किलोहर्ट्झ होता. म्हणजे २५ किलोहर्ट्झच्या वर मूळ मुद्रणात काहीच नाही, आणि १९२ किलोहर्ट्झची फाइल ती रिकामी जागाच साठवून ठेवते. हाय-रेझोल्यूशन आवृत्ती कधीकधी खरोखरच अधिक चांगली वाटते, परंतु त्यामागे बहुधा नव्याने आणि काळजीपूर्वक केलेले मास्टरिंग असते.

एकाच अल्बमच्या इतक्या आवृत्त्या दिसतात. त्यांतली कोणती निवडावी?

या पानावरचा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न हाच आहे. लॉसलेस फाइल आपल्याला मास्टर जसाच्या तसा देते. तो मास्टर चांगला आहे की वाईट, याची हमी ती देत नाही. बिटांच्या आकड्यांवर जितका खल होतो, त्याच्या निम्मे लक्ष जरी आवृत्तीकडे दिले तरी ऐकण्यात मोठा फरक पडतो.

१९९० च्या दशकापासून पुनर्प्रकाशनांमध्ये आवाज वाढवण्याची चढाओढ लागली. मंद भाग वर उचलून आणि उंच टोके दाबून संपूर्ण गाणे एकाच पातळीवर आणले जाऊ लागले. सॉफ्ट रॉकचे याने फार नुकसान झाले, कारण कडव्यातली हळुवार सुरुवात आणि ध्रुवपदातला उठाव यांतले अंतर हाच या गाण्यांचा प्राण आहे. ड्रमचा ठोका उठून न येता थपकन बसल्यासारखा वाटत असेल आणि दोन-चार गाण्यांनंतर कान शिणत असतील, तर आवृत्ती दाबलेली आहे असे समजावे. ऑडॅसिटी या मोफत सॉफ्टवेअरमध्ये फाइल उघडली की ते दिसतेसुद्धा: जुन्या मास्टरचा आलेख शिखरे आणि दऱ्यांचा असतो, दाबलेल्या मास्टरचा आलेख वरून आणि खालून कापलेल्या जाड पट्ट्यासारखा.

काही वेळा मिक्ससुद्धा, म्हणजे वेगवेगळ्या मुद्रित आवाजांचा आणि वाद्यांचा साधलेला मेळसुद्धा, बदललेला असतो. रिचर्ड कार्पेंटर यांनी कार्पेंटर्सची अनेक गाणी नंतरच्या वर्षांत पुन्हा मिक्स केली आणि काही ठिकाणी वाद्यांचे भाग नव्याने वाजवले, त्यामुळे संकलनातले गाणे आणि मूळ अल्बममधले गाणे एकसारखे असेलच असे नाही. लहानपणी ऐकलेले गाणे लॉसलेसमध्ये ‘वेगळे’ वाटण्याचे कारण पुष्कळदा हेच असते.

शिवाय मूळ टेपलाही आयुष्य असते. ‘रूमर्स’च्या निर्मितीत आवाज आणि वाद्ये इतक्या वेळा वरून जोडली गेली, की सतत फिरून फिरून टेप झिजली, तिच्यावरचे उंच स्वर मंदावले आणि ड्रम बोथट वाटू लागले. सुदैवाने मूळ वादनाची दुसरी टेप सुरुवातीलाच घेऊन ठेवलेली होती आणि ती फारशी वाजवलेली नव्हती. परंतु त्या दोन टेप एकत्र चालवण्याची कोणतीही स्वयंचलित सोय त्यांच्यावर नव्हती. तेव्हा एका तंत्रज्ञाने एका कानात जुन्या टेपवरचे आणि दुसऱ्या कानात नव्या टेपवरचे हाय-हॅट व स्नेअर ऐकत, यंत्राचा वेग हाताने कमीजास्त करत, दोन्ही टेप गाणेभर जुळवून धरल्या. आज आपल्याला त्या अल्बममध्ये ऐकू येणारा ड्रमचा ताजेपणा या कामामुळे टिकला आहे, आणि तो ताजेपणा शाबूत ठेवून पुढे पोहोचवणारी आवृत्ती शोधणे हे श्रोत्याचे कर्तव्य आहे असे मला वाटते.

घरात जुन्या सीडी पडून आहेत. त्यांचा काही उपयोग आहे का?

फार मोठा उपयोग आहे. मुंबईच्या काळा घोडा भागातील ऱ्हिदम हाउस २०१६ मध्ये बंद झाले, परंतु तिथून आणि पुण्यातल्या दुकानांतून घेतलेल्या सीडी अनेक मराठी घरांत अजून आहेत. १९८० च्या दशकातल्या आणि १९९० च्या सुरुवातीच्या सीडी आवाजाच्या चढाओढीआधीच्या असल्याने त्यांचे मास्टर बहुधा मोकळे असतात. एग्झॅक्ट ऑडिओ कॉपी या विंडोजवरील मोफत सॉफ्टवेअरने त्या फ्लॅकमध्ये उतरवाव्यात. ॲक्युरेटरिप ही सोय चालू ठेवली, तर आपली प्रत इतरांनी त्याच सीडीवरून घेतलेल्या प्रतींशी ताडून पाहिली जाते आणि ओरखड्यामुळे चूक झाली असल्यास कळते. सीडी उतरवतानाच कलाकार, वर्ष आणि आवृत्ती यांची नोंद फाइलमध्ये करून ठेवावी, कारण पुढे शेकडो फाइली जमल्यावर ते काम होत नाही.

कॅसेट किंवा एलपीवरून केलेली फ्लॅक फाइल ही त्या कॅसेटची किंवा एलपीची विश्वासू प्रत असते, इतकेच. ज्या गाण्याचा मूळ मिक्स सीडीवर आलाच नाही, त्याच्यासाठी एलपी हा चांगला मार्ग आहे.

यूट्यूबवर ‘सॉफ्ट रॉक लॉसलेस’ अशा नावाचे तासन्‌तास चालणारे व्हिडिओ आहेत. ते लॉसलेस असतात का?

नाहीत. चढवलेली फाइल कितीही उत्तम असली तरी यूट्यूब ती स्वतः एएसी किंवा ओपस या काटछाटीच्या पद्धतीत बदलते. गाण्यांची ओळख करून घेण्यासाठी असे व्हिडिओ उपयोगी पडतील, परंतु त्यांवरून लॉसलेस ध्वनीविषयी मत बनवू नये. मूळ कलाकारांऐवजी दुसऱ्याच कोणी गायलेली गाणीही त्यांत मिसळलेली असू शकतात.

मग ऑनलाइन लॉसलेस कुठे ऐकता येते?

ॲपल म्युझिकवर जून २०२१ पासून वेगळे शुल्क न आकारता लॉसलेस मिळते, परंतु सेटिंगमध्ये जाऊन ते स्वतः चालू करावे लागते. स्पॉटिफायने सप्टेंबर २०२५ मध्ये लॉसलेस सुरू केले. आपल्या देशात ते कोणत्या योजनेत आहे ते सदस्यत्व घेताना तपासावे. या सेवांवर एखाद्या अल्बमची जुनी आवृत्ती काढून नवी ठेवली जाऊ शकते आणि श्रोत्याला ते कळतही नाही. म्हणून ज्या अल्बमवर मनापासून प्रेम आहे, त्याची सीडी किंवा विकत घेतलेली फाइल आपल्याजवळ असावी.

ब्लूटूथ हेडफोनवर लॉसलेसचा उपयोग होतो का?

फारसा नाही. ब्लूटूथवर ध्वनी पाठवण्यापूर्वी तो बहुधा एसबीसी, एएसी किंवा तत्सम पद्धतीने पुन्हा लहान केला जातो. सोनीच्या एलडॅकमध्येही कमाल ९९० किलोबिट जातात. क्वालकॉमची एपीटीएक्स लॉसलेस ही पद्धत आहे, परंतु फोन आणि हेडफोन दोघांकडेही ती असावी लागते. शांतपणे बसून ऐकायचे असेल तेव्हा वायरचाच हेडफोन वापरावा.

कोणती उपकरणे घ्यावीत आणि खर्च कुठे करावा?

सर्वांत जास्त खर्च हेडफोनवर किंवा स्पीकरवर करावा, कारण ध्वनीतला सर्वांत मोठा फरक तिथेच पडतो. डिजिटल आकड्यांचे विद्युत लहरींत रूपांतर करणारा डॅक आजकाल स्वस्तातही उत्तम मिळतो, ॲपलच्या ३.५ मिलिमीटरच्या लहानशा जोडणीतही २४ बिट ४८ किलोहर्ट्झपर्यंतचा डॅक बसवलेला असतो. या संगीताला मधल्या पट्टीत नैसर्गिक वाटणारे, मागून उघडे असलेले हेडफोन शोभतात. सेनहायझर एचडी ६०० त्यासाठी नावाजलेला आहे, परंतु त्याचा रोध ३०० ओहम असल्याने फोनवर तो दबून वाजतो आणि त्याला ॲम्प्लिफायर लागतो.

उघडे हेडफोन बाहेरचा आवाज अडवत नाहीत हे लक्षात ठेवावे. छतावरचा पंखा पूर्ण वेगात फिरत असेल, तर ‘साँगबर्ड’मधली सभागृहाची गुंज त्या घरघरीत बुडून जाते. रस्त्यालगतच्या घरात रात्री उशिराची वेळ निवडावी किंवा बंद हेडफोन घ्यावेत. स्पीकर असल्यास ते आणि आपली बसण्याची जागा यांचा समभुज त्रिकोण व्हावा, आणि लादीच्या खोलीत जाड पडदे व सतरंजी असावी.

विंडोजवर प्लेअरमध्ये वासापी एक्सक्लुझिव्ह पर्याय निवडला की संगणक ध्वनीत ढवळाढवळ करत नाही. अनेक अँड्रॉइड फोन सर्व ध्वनी ४८ किलोहर्ट्झमध्ये बदलतात. ते टाळायचे असेल तर यूएसबी डॅकशी थेट बोलणारे प्लेअर ॲप वापरावे.

मिळालेली फ्लॅक फाइल खरी आहे की एमपी-३ पासून बनवलेली, हे कसे ओळखावे?

स्पेक या मोफत साधनात फाइल उघडून वर्णपट, म्हणजे कोणत्या कंपनसंख्येचा ध्वनी किती आहे ते दाखवणारे चित्र, पाहावा. १६ किलोहर्ट्झवर सुरीने कापल्यासारखी सरळ रेषा दिसली, तर ती १२८ किलोबिटच्या एमपी-३ पासून बनवल्याचा दाट संशय घ्यावा. ३२० किलोबिटची रेषा साधारण २० किलोहर्ट्झवर येते. जुन्या टेपवरचे उंच स्वर मुळातच कमी असू शकतात, परंतु तिथे उतार हळूहळू होतो, कडा तयार होत नाही.

जागा किती लागते?

चार मिनिटांचे गाणे सीडीच्या गुणवत्तेत, न आवळता, सुमारे ४२ मेगाबाइट होते. फ्लॅकमध्ये साधारण २५ ते ३० आणि ३२० किलोबिटच्या एमपी-३ मध्ये सुमारे १०. चाळीस मिनिटांच्या अल्बमला ३०० मेगाबाइट धरले, तर १२८ गिगाबाइटच्या कार्डावर चारशेच्या आसपास अल्बम मावतात. संग्रहाची दुसरी प्रत वेगळ्या डिस्कवर जरूर ठेवावी.

जुन्या आवृत्त्या हळू आवाजात वाजतात. काय करावे?

आवाज वाढवावा. त्यांच्यात उंच टोकांसाठी मोकळी जागा राखलेली असते, म्हणून सरासरी पातळी कमी वाटते. वेगवेगळ्या काळातली गाणी एकापाठोपाठ ऐकायची असतील तर प्लेअरमधील रिप्लेगेन किंवा ॲपलमधील साउंड चेक चालू करावे; त्याने पातळी सारखी होते. मात्र दाबलेल्या मास्टरमधला हरवलेला उठाव त्याने परत येत नाही. हेडफोनवर ऐकताना जागतिक आरोग्य संघटनेची मर्यादा ध्यानात ठेवावी: ८० डेसिबलला आठवड्यात ४० तास, आणि आवाज जितका मोठा तितका वेळ झपाट्याने कमी.